बटलरच्या त्या एका बॉलवर किती वर्षं काढणार?

मा. संपादक साहेब,
सप्रेम नमस्कार.

पत्राला कारण असं की दर फेब्रुवारीत सुपर बोल, म्हणजे अमेरिकन फुटबॉलची फायनल, झाला की आपल्याकडच्या पेपरांत क्रीडा पानाच्या कोपऱ्यात एक बातमी येते, त्यात क्वार्टरबॅक कोण, मध्यंतरात गाणं कोणी म्हटलं आणि तीस सेकंदांची जाहिरात किती कोटींना गेली एवढंच असतं. आणि जुन्या मॅचेसच्या आठवणी काढायच्या झाल्या की हमखास २०१५ ची सिअ‍ॅटल विरुद्ध न्यू इंग्लंड निघते, 'इतिहासातला सगळ्यात मूर्ख निर्णय' (गोल एका यार्डावर असताना बॉल घेऊन पळायचं सोडून पास टाकला तो) असला मथळा आणि खाली एका ओळीत की माल्कम बटलर नावाच्या नवख्या पोराच्या हातात बॉल आला. हातात बॉल आला म्हणे! जसं काय तो तिथं बसची वाट बघत उभा होता. मी मूळचा सांगलीचा, नोकरीनिमित्त बरीच वर्षं बोस्टनच्या बाजूला आहे, मराठी पेपर रोज मोबाइलवर वाचतो, आणि हा बटलर आमच्या इथल्या टीमचा म्हणून त्याचं सगळं करिअर डोळ्यासमोर झालंय, त्यामुळं दरवेळी ती एक ओळ वाचली की डोकं फिरतं. पत्र लांबलंय, कापायचं तर कापा, पण २०१८ चं तेवढं कापू नका.

आधी तो खेळायचा ती जागा काय असते ते सांगतो, त्याशिवाय पुढचं कळणार नाही. अमेरिकन फुटबॉलमध्ये क्वार्टरबॅक बॉल फेकतो आणि रिसीव्हर पळत जाऊन पकडतो, आणि त्या रिसीव्हरच्या मागं लागलेला जो असतो तो डिफेन्सिव्ह बॅक. कडेला असतो त्याला कॉर्नरबॅक म्हणतात, मागं राखण करतो तो सेफ्टी. रिसीव्हरला माहीत असतं आपल्याला कुठं वळायचंय, कॉर्नरला ते माहीत नसतं, आणि वर सुरुवातीची पावलं त्याला उलटं पळायचं असतं, तोंड रिसीव्हरकडं आणि पाठ स्वतःच्या गोलकडं. पहिल्या पाच यार्डांत धक्काबुक्की चालते, त्यापुढं पकडलं की पेनल्टी, आणि बॉल हवेत असताना ढकललं तर जिथं ढकललं तिथंच बॉल नेऊन ठेवतात, मग चाळीस यार्ड पुढं का असेना. कबड्डीत चढाई करणाऱ्याला शिट्ट्या पडतात आणि कोपरारक्षक अख्खी मॅच वाकून पायावर नजर ठेवून असतो, त्याची आठवण लोकांना पकड सुटली की येते, तसंच हे. आणि गंमत म्हणजे कॉर्नर खरंच भारी असला तर त्याच्या बाजूला कोणी बॉल टाकतच नाही, म्हणजे मग त्याच्या नावापुढं आकडाच लागत नाही! त्या २०१५ च्या मॅचमध्ये न्यू इंग्लंडकडून डॅरेल रेव्हिस खेळत होता, त्या काळातला सगळ्यात नावाजलेला कॉर्नर, त्याच्यावर किती ओळी छापून आल्या बघा एकदा शोधून.

आता बटलर. मिसिसिपी राज्यातल्या विक्सबर्गचा. हाइंड्स कम्युनिटी कॉलेजात खेळत होता, पाच मॅच झाल्यावर टीममधून काढलं, मग गावी येऊन पॉपाइज नावाच्या चिकनच्या दुकानात कामाला लागला. पुन्हा त्याच कॉलेजनं घेतलं, तिथून अलाबामातल्या लिव्हिंगस्टन नावाच्या छोट्या गावातल्या युनिव्हर्सिटी ऑफ वेस्ट अलाबामात, जी दुसऱ्या डिव्हिजनमध्ये खेळते, टीव्हीवर दिसण्याचा प्रश्नच नाही. २०१४ च्या ड्राफ्टमध्ये, म्हणजे टीम्स नवी पोरं निवडतात त्यात, २५६ पोरं घेतली गेली, हा नव्हता. न्यू इंग्लंडनं ट्रायलला बोलावलं, म्हणजे करार नाही काही नाही, या आणि पळून दाखवा, आणि त्यातून तो टिकला. त्या सीझनमध्ये एकच मॅच त्यानं सुरुवातीपासून खेळली आणि फायनलला जाईपर्यंत त्याच्या नावावर एकही इंटरसेप्शन (समोरच्याचा पास मध्येच पकडणं) नव्हतं.

आणि फायनलमध्येही तो सुरुवातीला बाकावरच होता. तो आत का आला ते कोणी लिहीत नाही. सिअ‍ॅटलचा क्रिस मॅथ्यूज म्हणून उंच रिसीव्हर, त्या दिवसापर्यंत एनएफएलमध्ये, म्हणजे इथल्या व्यावसायिक लीगमध्ये, एक कॅच नावावर नाही, त्यानं न्यू इंग्लंडच्या काइल अ‍ॅरिंग्टनला अक्षरशः धुतलं, मग उत्तरार्धात अ‍ॅरिंग्टनला बसवलं आणि उलटापालट करता करता बटलरचा नंबर लागला. म्हणजे एका कॉर्नरची इज्जत गेली तेव्हा दुसऱ्याला संधी मिळाली. अ‍ॅरिंग्टनला त्याच मे महिन्यात टीमनं सोडून दिलं. आणि पलीकडच्या टीममध्ये काय चाललं होतं? पहिल्याच क्वार्टरमध्ये सिअ‍ॅटलच्या जेरेमी लेननं न्यू इंग्लंडचा क्वार्टरबॅक टॉम ब्रेडी याचा बॉल गोललाइनजवळ पकडला, थेट बटलरसारखाच पराक्रम, पण बॉल घेऊन पळताना पडला तो हात मोडून. त्याच्या जागी आलेल्या थॅरल्ड सायमनला ब्रेडीनं हेरून हेरून त्रास दिला, न्यू इंग्लंडचा रिसीव्हर एडलमन याचा जिंकून देणारा टचडाउनही (बॉल गोललाइनपार नेला की तो होतो) त्याच्यावरच झाला. लेन उभा राहिला असता तर बटलरपर्यंत गोष्ट आलीच नसती कदाचित. तर सांगायचं ते हे, या धंद्यात एकजण पडतो तेव्हा दुसऱ्याची जागा होते, आणि हे चक्र न सांगता नुसता शेवटचा बॉल सांगितला तर वाचकाला काहीच कळलेलं नसतं.

आता तो बॉल. स्कोअर २८-२४, न्यू इंग्लंड पुढं, मिनिटभरापेक्षा थोडाच जास्त वेळ, आणि सिअ‍ॅटलच्या जर्मेन कर्सनं एक कॅच घेतला की बघणाऱ्याला वाटावं देव आहे. त्याच्यावर पहारा कोणाचा होता? बटलरचाच. पोरानं उडी मारली, बॉलला बोट लावून उडवला, काम चोख केलं, आणि बॉल पडलेल्या कर्सच्या पायावर आणि हातावर टणाटण आपटत शेवटी त्याच्याच हातात बसला. तरी बटलरनं मागं वळून त्याला बाहेर ढकललं, नाहीतर तो उठून सरळ आत गेला असता. बाहेर येऊन बसला तेव्हा तोंड एवढंसं झालेलं, सगळं बरोबर करूनही खलनायक होण्याची वेळ आलेली. पुढच्या चालीत त्यांचा मार्शान लिंच बॉल घेऊन पळाला, न्यू इंग्लंडच्या हायटावरनं त्याला एका यार्डावर पाडला. सगळी दुनिया म्हणत होती की न्यू इंग्लंडचा कोच बिल बेलिचिकनं टाइमआउट घ्यावा, त्यानं घेतला नाही, घड्याळ चालू ठेवलं, आणि तीन कॉर्नरवाली फळी आत पाठवताना 'माल्कम, गो' असा ओरडा झाला आणि बटलर पळत आत गेला.

सिअ‍ॅटलचे दोन रिसीव्हर एकामागं एक उभे. पुढचा कर्स, मागचा रिकार्डो लॉकेट. ही मांडणी अशी की पुढच्यानं डिफेंडरला अडवायचं आणि मागच्यानं त्याच्या आडून आत घुसून बॉल घ्यायचा. ही चाल न्यू इंग्लंडनं सरावात घालून बघितली होती, राखीव क्वार्टरबॅक गरोपोलोनं जॉश बॉइसला बॉल टाकला आणि बटलर मागून वळसा घालून गेला तो उशिरा पोचला, टचडाउन झाला, तेव्हा बेलिचिकनं त्याला तिथंच सुनावलं होतं की हे तुला अडवता आलंच पाहिजे. तर मॅचमध्ये ब्रँडन ब्राउनरनं, जो आधी सिअ‍ॅटलकडूनच खेळलेला आणि त्यांच्या सवयी माहीत असलेला, कर्सला जागेवरच छातीला भिडून दाबला, एक इंच हलू दिला नाही, त्यामुळं वाट मोकळी राहिली, आणि बटलरनं ह्या वेळी वळसा न घालता सरळ मुसंडी मारली. त्यांचा क्वार्टरबॅक विल्सन याच्या हातातून बॉल सुटायच्या सुमारास त्याचा पाय उचलला गेलाय, रिप्ले हळू करून बघा! लॉकेटच्या आधी तो बॉलवर पोचला, खांद्यानं त्याला बाजूला केलं आणि बॉल छातीशी. २० सेकंद उरले होते.

आता ज्याला मूर्ख निर्णय म्हणतात त्याबद्दलही सांगतो. सिअ‍ॅटलकडं एकच टाइमआउट होता, तीन चान्स होते, एकदा पास टाकून चुकला तर घड्याळ थांबतं आणि मग दोनदा पळता येतं, हा त्यांचा कोच पीट कॅरल याचा हिशोब होता आणि तो इतका वेडगळ नव्हता. त्या सीझनमध्ये एका यार्डावरून शंभराच्या वर पास टाकले गेले होते आणि एकही इंटरसेप्ट झालेला नव्हता. मला विचाराल तर मीही लिंचलाच बॉल दिला असता, पण पास चुकला तो कॅरलच्या डोक्यामुळं कमी आणि ब्राउनर-बटलर या दोन डिफेन्सिव्ह बॅकमुळं जास्त, हे मान्य करायला काय हरकत आहे? मथळा मात्र अजूनही कॅरलच्या नावानंच येतो.

मॅचचा एमव्हीपी, म्हणजे सर्वोत्तम खेळाडू, ब्रेडी, त्याला मिळालेला शेव्हरोलेचा ट्रक त्यानं बटलरला देऊन टाकला, तो फोटो तुमच्याकडंही छापून आला असेल. इथंच सगळ्यांची गोष्ट संपते. खरं करिअर त्यानंतर सुरू झालं, त्यातलं काहीच नाही.

रेव्हिस पैसे घेऊन न्यूयॉर्क जेट्सला परत गेला, जागा रिकामी झाली, आणि एका बॉलचा म्हणून ज्याला सगळे हिणवत होते तो २०१५ मध्ये सोळाच्या सोळा मॅच सुरुवातीपासून खेळला. प्रो बोलला, म्हणजे वर्षातल्या निवडक खेळाडूंत, निवड झाली. त्याच नोव्हेंबरात न्यूयॉर्क जायंट्सविरुद्ध शेवटच्या दोन-अडीच मिनिटांत त्यांचा रिसीव्हर ओडेल बेकहॅमनं टचडाउनचा कॅच घेतला, पंचांनी हात वर केले, स्टेडियम उसळलं, पण बटलरनं बॉलवर फटका मारून तो बाहेर काढला होता, रिप्ले बघून निर्णय फिरवला आणि न्यू इंग्लंड २७-२६ नं जिंकलं. माझ्या मते सुपर बोलवाल्या बॉलपेक्षा हे अवघड, कारण बेकहॅमच्या हातात बॉल बसलेला होता आणि तरीही ह्यानं हात चालू ठेवला. याची आकडेवारीत नोंद काय, तर 'पास अडवला, एक'. पुढच्या वर्षी ऑल-प्रोच्या, म्हणजे वर्षातल्या सर्वोत्तम खेळाडूंच्या, दुसऱ्या संघात नाव, चार इंटरसेप्शन, आणि फेब्रुवारी २०१७ ला अटलांटाविरुद्ध २८-३ वरून उलटवलेली ती फायनल, तिथंही तो होताच.

मग पैशाचं आलं. मार्च २०१७ मध्ये त्याचा पहिला करार संपला पण पूर्ण मोकळा नव्हता, रिस्ट्रिक्टेड फ्री एजंट म्हणतात त्यात तो बसत होता, म्हणजे दुसऱ्या टीमला तो हवा तर पहिल्या फेरीचा ड्राफ्ट पिक न्यू इंग्लंडला द्यावा लागणार. त्यामुळं ३९ लाख डॉलरवर एक वर्ष खेळायचं एवढंच हातात राहिलं, आणि त्याच महिन्यात टीमनं बफेलोहून स्टीफन गिलमोरला आणलं पाच वर्षं साडेसहा कोटी डॉलरवर. घरच्या पोराला ताटकळत ठेवून बाहेरच्याला जरीचा फेटा! गिलमोर चांगलाच होता, वाद नाही, पण बटलरला काय वाटलं असेल. त्या सीझनमध्ये त्याचा खेळ थोडा उतरला हेही खरं, काही मॅचेसमध्ये मार खाल्ला, तरी टीमच्या शंभरातल्या जवळजवळ अठ्ठ्याण्णव डिफेन्सिव्ह चालींना तो मैदानावर होता.

आणि ४ फेब्रुवारी २०१८, मिनियापोलिस, फिलाडेल्फियाविरुद्ध फायनल. राष्ट्रगीत चालू असताना कॅमेऱ्यात दिसतं, बटलर रडतोय. आम्ही सगळे घरात बसून म्हणतोय अरे ह्याला काय झालं. मॅच सुरू झाली, कॉर्नरला एरिक रो उभा. पहिला क्वार्टर गेला, दुसरा गेला. रोवर टचडाउन झाला, दुसऱ्यांचे टॅकल सुटले, फिलाडेल्फियाचा निक फोल्स म्हणजे त्यांचा मूळ क्वार्टरबॅक जखमी झाला म्हणून आलेला बदली माणूस, त्यानं ३७३ यार्ड पास टाकले, त्याच्या टीमला एकूण ५३८ यार्ड मिळाले, आणि वर्षभर खेळलेला कॉर्नर हेल्मेट घालून बाजूला उभा. डिफेन्सची एक चाल त्याला मिळाली नाही, स्पेशल टीममध्ये (किकच्या चालींना उतरते ती) एकदा आत गेला तेवढंच. ब्रेडीनं ५०५ यार्ड टाकले आणि तरी ४१-३३ नं हरले. मॅचनंतर बटलर पत्रकारांना एवढंच म्हणाला की यांनी माझ्यावरचा भरवसा सोडला, मी खेळलो असतो तर मॅच फिरवली असती. दोन दिवसांनी त्यानं जाहीर माफी मागितली शब्दांबद्दल, आणि रात्री बाहेर होता, हे केलं ते केलं असल्या ज्या अफवा उठल्या होत्या त्या खोट्या असल्याचं स्पष्ट सांगितलं.

बेलिचिकचं उत्तर काय, तर जिंकायला जे सगळ्यात योग्य वाटलं ते केलं. बस. शिक्षा होती का, खेळाचा प्लॅन होता का, आजारी होता का, काही नाही. इथल्या रेडिओवर त्यावर वर्षानुवर्षं फोन येत राहिले. बेलिचिक मोठा कोच आहे, सहा सुपर बोल जिंकलेत हेड कोच म्हणून, मी स्वतः त्याचा चाहता, पण म्हणून त्यानं उत्तर द्यायचंच नाही हे मला कधीच पटलं नाही. कंपनीत एखाद्याला प्रोजेक्टवरून काढलं तर निदान एचआर बोलावून दोन खोट्या गोष्टी तरी सांगतं. इथं ज्या माणसाच्या जिवावर तुम्ही एक ट्रॉफी उचललीत त्याला दहा कोटी लोकांसमोर उभा करून ठेवलात आणि कारण विचारलं की पुढचा प्रश्न.

महिनाभरातच टेनेसी टायटन्सनं त्याला घेतलं, पाच वर्षं आणि ६ कोटी १० लाख डॉलर. आता आपल्याकडं अशा वेळी बातमी कशी येते? 'चारशे कोटींचा करार'. साहेब, एनएफएलमध्ये कराराचा मोठा आकडा म्हणजे बराचसा दाखवायचा असतो, त्यातला गॅरंटीड भाग तेवढा पक्का, ह्याचा तो तीन कोटी डॉलरच्या आसपास होता, म्हणजे निम्मा. बाकीचा टीमला वाटलं तर. आणि तसंच झालं. पहिले काही महिने बेकार गेले, मग सावरला, २०१९ च्या नोव्हेंबरात मनगट मोडलं आणि सीझन संपला. त्यामुळं जानेवारी २०२० मध्ये टायटन्स आमच्या टीमच्या मैदानावर, फॉक्सबरोला, येऊन न्यू इंग्लंडला हरवून गेले त्यात हा खेळू शकला नाही. (जाता जाता, त्या मॅचमध्ये ब्रेडीचा न्यू इंग्लंडसाठीचा शेवटचा पास ज्यानं इंटरसेप्ट करून टचडाउन केला तो लोगन रायन, तोही डिफेन्सिव्ह बॅक, तोही बटलरबरोबर न्यू इंग्लंडमध्ये होता आणि त्यालाही ह्यांनी जाऊ दिलेलं.) २०२० मध्ये बटलरनं पुन्हा चार इंटरसेप्शन आणि शंभर टॅकल केले, आणि मार्च २०२१ मध्ये टायटन्सनं त्याला काढून टाकलं. पाचातली दोन वर्षं आणि बाकीचे पैसे गेले. खेळ बिघडला म्हणून काढलं असंही नाही, तर पगाराची मर्यादा असते त्यात जागा करायची होती.

मग अ‍ॅरिझोनानं एक वर्षासाठी घेतला. ग्लेंडेलचं तेच स्टेडियम, नाव बदललेलं, जिथं तो बॉल पकडला होता. सीझन सुरू व्हायच्या आधीच तो निवृत्तांच्या यादीत गेला, तिथं एकही मॅच खेळला नाही. २०२२ मध्ये, आणि ह्याचं आम्हा सगळ्यांना नवल वाटलं, न्यू इंग्लंडनंच परत बोलावला. तेच कोच, तेच मैदान. सराव सामन्यांतच कंबरेच्या सांध्याची दुखापत झाली आणि ऑगस्टमध्ये पैशाची तडजोड करून सोडून दिला. वय ३२. सगळं मिळून नेहमीच्या सीझनमधली १७ इंटरसेप्शन, दोन रिंग (सुपर बोल जिंकल्यावर मिळते ती अंगठी). खेळाडूंची युनियन सांगते की एनएफएलमधलं सरासरी करिअर तीन-साडेतीन वर्षांचं असतं, त्या मानानं दुकानातून आलेल्या ह्या पोरानं भरपूर काढली.

आणि तो लॉकेट, ज्याच्या पुढ्यातून बॉल गेला? पुढच्याच सीझनमध्ये डॅलसला खेळताना मानेला मार लागला, मानेची शस्त्रक्रिया झाली आणि २०१६ मध्ये त्यानं खेळणं सोडलं. तो बॉल चुकवला म्हणून लोक त्याला शिव्या घालत होते, मानेचं झालं ते किती जणांनी वाचलं असेल कोण जाणे.

तर माझं म्हणणं साधं आहे. क्रीडा पानावर जागा कमी असते हे मला कळतं, आयपीएल असतं, कबड्डीची लीग असते, तिकडं अमेरिकन फुटबॉलला तीन पॅरे मिळाले तरी खूप. पण तीन पॅरेच द्यायचे तर त्यातला एक गाण्याऐवजी बॉल कोणी अडवला त्याला द्या. कराराचा आकडा छापाल तेव्हा शेजारी गॅरंटीड किती तेही छापा, एजन्सीच्या मूळ बातमीत बहुतेक वेळा ते असतंच, भाषांतरात गळतं. आणि पुढच्या वेळी 'मूर्ख निर्णय' वाली आठवण टाकाल तेव्हा ब्राउनरचं नाव घाला, बटलरनं मुसंडी मारली असं लिहा, हातात बॉल आला असं लिहू नका. फोटो निवडताना ब्रेडीचा नको, कर्स जागेवर दाबला गेलाय आणि मागं बटलरचा पाय उचललाय तो घ्या, एजन्सीकडं असणारच.

कळावे,
आपला नेहमीचा वाचक,
फ्रेमिंगहॅम, मॅसेच्युसेट्स (मूळ सांगली)